तळाच्या थरातला शिक्का

११ जानेवारी
सापडलं. मला नाही, नणंदबाईंना! टेकडीवरच्या बौद्ध विहाराच्या उत्खननाच्या खड्ड्यात, अगदी तळाच्या थरात, अंगठ्याएवढा मातीचा शिक्का. त्यावर स्तूप कोरलेला. म्हणजे भिक्षू या खोऱ्यात आम्ही समजत होतो त्याच्या दोनशे वर्षं आधी पोचले होते.

तो खड्डा दोन वर्षं मी खणला. यंदा सरांनी मला खड्ड्याच्या भिंतींची रेखाचित्रं काढायला बसवलं आणि खड्डा तिला दिला. आयत्या बिळावर नागोबा. खुरपी कशी धरायची तेसुद्धा तिला मीच शिकवलं.

१२ जानेवारी
सासूबाईंचा सकाळपासून तिसरा फोन. "पोरीनं नाव काढलं हो." हे म्हणाले, "तुला आनंद नाही झाला?" झाला म्हटलं. पोटात दुखतंय, दुसरं काही नाही.

१६ जानेवारी
शिक्का निघाला तिथली भिंत साफ करत होते. खुरपी लोण्यात जावी तशी आत गेली. मऊ, काळपट माती, वरच्या थरापासून थेट तळापर्यंत. उंदराचं जुनं बीळ! शिक्का वरच्या थरातलाच, बिळातून घरंगळत खाली गेलेला. ती दोनशे वर्षं उंदराची कमाई.

असं बीळ दिसलं की चित्रात तुटक रेघेनं दाखवायचं, हा आमच्या कामातला पहिला धडा. पेन्सिल हातात होती. नाही दाखवलं. थर सरळ ओढले, खाली सही ठोकली. छापू दे तिला. कुणीतरी जाणता शंका काढेलच — मग बाई तोंडावर आपटतील. मला विचारलं तर म्हणेन, दिसलं नाही.

१७ जानेवारी
चहा घेऊन आली. "वहिनी, काही खटकलं असेल तर आत्ताच सांग हं. मला जरा भीतीच वाटतेय." काही नाही म्हटलं. चहाही प्यायले.

२ फेब्रुवारी
लेख पाठवला म्हणे. मला दाखवला नाही. मीही मागितला नाही. शेवटी आभारांत तरी घातलं असेल का मला?

२० एप्रिल
अंक आला. लेखकांची दोन नावं. पहिलं माझं. वर तिच्या अक्षरात — "दोन वर्षं तू खणलंस, वहिनी. आधी विचारलं असतं तर नको म्हणाली असतीस."

सोमवारी बाहेरचे दोन तज्ज्ञ भिंत खरवडून बघायला येताहेत. त्यांना मीच दाखवायची आहे.