लाइनबॅकर भाचा आणि माझा डावा घोटा

अजमान,
रविवार दुपार, एप्रिल

प्रिय रोझलिनताई,

धाकट्या रॉकचा तुला आणि भाऊजींना मनापासून नमस्कार. देवाच्या दयेने आम्ही सगळे इथं सुखरूप आहोत (माझा डावा घोटा सोडून, त्याचं पुढे येईलच). तुझे गुडघे कसे आहेत? भाऊजींची शुगर काय म्हणते? तिकडचा बर्फ वितळला असेल तर कळव, म्हणजे तुझ्या भावजयीला, सबिनाला, बरं वाटेल. इथल्या उन्हात बसून तिला तुमच्या बर्फाची काळजी वाटते. तू कार्लबरोबर पाठवलेला तो झाडाचा पाक आम्ही सांदणांबरोबर खाल्ला. बाटली संपली. तुझी भाची अ‍ॅशले म्हणाली, 'टेल आंटी टू सेंड मोअर.' मी तिला मराठीत सांग म्हणालो, तर तिने तेच वाक्य पुन्हा सावकाश म्हटलं.

फोन असताना हा रॉक पत्र का लिहितो, असं तुझ्या मनात येईल. एक तर फोनवर तू मला बोलू देत नाहीस (राग मानू नकोस, पण मी बोलायला शिकलो तेव्हापासून तू मला बोलू दिलेलं नाहीस). दुसरं म्हणजे तुझा फोन कायम स्पीकरवर असतो आणि भाऊजी शेजारच्या खुर्चीत. आमच्या चर्चमधली एक बाई शनिवारी टोरोंटोला मुलीकडे चालली आहे, तिच्या हाती पाकीट देतो आहे. तू एकटी असताना उघड.

मूळ चूक माझी, आणि ती सहा वर्षं जुनी आहे. कार्लला टीमने घेतल्याचा तुझा फोन आला तेव्हा मी दुबईत अल क्वोजच्या आमच्या गोडाऊनमध्ये टाइल्सचे खोके मोजत होतो (हुद्दा इन्व्हेंटरी सुपरवायझर, काम खोके मोजणं). तू म्हणालीस, प्रोफेशनल फुटबॉल. संध्याकाळपर्यंत मी गोडाऊनमधल्या प्रत्येकाला, दोन फोर्कलिफ्ट ड्रायव्हर आणि पाण्याच्या बाटल्या घेऊन आलेला माणूस धरून, सांगून टाकलं की माझा सख्खा भाचा कॅनडात प्रोफेशनल फुटबॉलर झाला. तिकडचा फुटबॉल म्हणजे लंबगोल चेंडू काखेत घेऊन पळायचं आणि समोरच्या लाइनबॅकरने (म्हणजे कार्लने) पळणाऱ्याला आडवं करायचं, हे मला दोन वर्षांनी कळलं. तोपर्यंत लाइनबॅकर म्हणजे लाइनीच्या मागे झेंडा घेऊन उभा राहणारा, असं मी समजत होतो, आणि झेंडा धरायला एवढं कौतुक कशाला, असंही मनात म्हणत होतो. खरं कळल्यावर दुरुस्ती करायला हवी होती. पण तोवर आमचे ऑपरेशन्स मॅनेजर लियाकतभाई मला 'मामाजी' म्हणायला लागले होते. सत्तावीस वर्षांच्या नोकरीत मला मिळालेलं ते एकमेव प्रमोशन, ते मी परत कसं करणार?

आता आमच्या कंपनीत दर एप्रिलला एक मॅच असते. रास अल खैमाला आमची टाइल्सची फॅक्टरी आहे, त्यांची टीम विरुद्ध आमची गोडाऊनची टीम. सातसात जण, अल क्वोजमधलं भाड्याचं नकली हिरवळीचं मैदान, संध्याकाळी पाच वाजता. चार वर्षं आम्ही हरतो आहोत. त्यांच्याकडे सुयश नावाचा पुण्याचा प्रॉडक्शन इंजिनिअर आहे, दहा नंबरचा. तो गोल मारतो ते एक वेळ परवडतं, पण नंतर चहा पिताना तो कसा मारला हे समजावून सांगतो. कार्ल पंधरा दिवस हवापालटाला येतोय हे माझ्याकडूनच फुटलं, आणि लियाकतभाई माझ्या टेबलाशी येऊन उभे राहिले.

"मामाजी, भांजा खेलेगा ना?"

"इन्शाल्ला," मी म्हणालो.

"इन्शाल्ला नहीं. हाँ बोलो."

मी हाँ बोललो.

विमानतळावर तुझा मुलगा बाहेर आला तेव्हा मी आधी त्याच्या मागे बघत होतो, कारण मला वाटलं तो कोणाच्या तरी आड असेल. आमच्या गाडीत पुढची सीट शेवटपर्यंत मागे सरकवली तरी त्याचे गुडघे डॅशबोर्डला लागत होते, आणि मागे बसलेली अ‍ॅशले अजमानपर्यंत पाय पोटाशी घेऊन आली. पोर मात्र गरीब गाय. सबिनाने वाढलेलं सगळं खातो, ताट स्वतः धुतो, आणि दारातून आत येताना सवयीने मान खाली घालतो. मी त्याला मॅचचं सांगितलं तेव्हा त्याने हातातलं ताट आधी पुसून ठेवलं. मग म्हणाला की मामा, हा तो खेळ नाही, हा मी तिसरीत असताना शेवटचा खेळलो. मी म्हणालो, तू नुसता मागे उभा राहा. तुला बघूनच ते घाबरतील. तो म्हणाला, "ओके, मामा." नाही म्हणायला तू त्याला शिकवलं नाहीस, हा तुझा दोष. त्याचा फायदा मी घेतला, तो माझा.

मैदानावर लियाकतभाईंनी त्याला जवळ घेऊन एकच सूचना दिली. "बेटा, वो दस नंबर को रोकना है. गोल की तरफ आने नहीं देना. खलास." कार्लला हिंदी यथातथाच, पण सूचना त्याला फार नीट समजली, कारण सहा वर्षं त्याला प्रत्येक कोचने हीच सूचना दिलेली. चौथ्या मिनिटाला सुयश चेंडू घेऊन आला, डावीकडे खांदा झुकवून उजवीकडे निघाला, आणि कार्लने त्याला कमरेत मिठी मारली, उचललं आणि हिरवळीवर निजवलं. आपटलं नाही, हे मुद्दाम लिहितो. झोपलेल्या मुलाला पाळण्यात ठेवतात तसं ठेवलं. चेंडू आपला एकटाच गोलकडे गेला आणि आमच्या गोलकीपरने तो न बघता पायाने थांबवला, कारण तोही सुयशकडेच बघत होता.

मग आमच्या लोडरच्या बाजूने एक शिट्टी आली आणि पाठोपाठ टाळ्या. रेफ्री एका शाळेतले पीटीचे सर होते. त्यांनी चारही खिसे चाचपून लाल कार्ड काढलं. कार्लने सुयशला हात देऊन उठवलं, त्याच्या पाठीवरचे हिरवळीचे तुकडे झटकले, चार वेळा सॉरी म्हणाला आणि मान खाली घालून बाहेर आला. लियाकतभाई सावकाश माझ्याकडे वळले.

"मामाजी, ये कौन सा फुटबॉल है?"

सहा वर्षं उशिरा मी खरं सांगितलं. "लियाकतभाई, वो हाथवाला है."

खरं म्हणजे लाल कार्डानंतर सहा जणांनीच खेळायचं असतं. पण सुयशने मोठ्या मनाने बदली खेळाडू घ्या म्हणून सांगितलं (हा मोठेपणा त्याने नंतर चहा पिताना दोनदा समजावून सांगितला). बदली खेळाडू मी होतो. यादीत आठ नावं लागत होती आणि मला ती निळी जर्सी हवी होती, म्हणून मी माझं नाव घातलं होतं. एकावन्नाव्या वर्षी, पोटावर ताणलेल्या त्या जर्सीत मी आत गेलो. अ‍ॅशले कडेला उभी राहून फोनवर शूटिंग करत होती. एवढ्या तन्मयतेने तिने माझ्याकडे पहिलीपासून पाहिलं नव्हतं. मी अकरा मिनिटं खेळलो. बाराव्या मिनिटाला आमच्या गोलाकडे सुसाट येणारा चेंडू अडवताना माझा डावा पाय मुरगळला आणि मी पडलो. आम्ही किती गोलांनी हरलो ते विचारू नकोस. मी त्यातले पहिले दोनच पाहिले.

कार्ल कडेवरून धावत आला, मला पोत्यासारखं खांद्यावर टाकलं आणि गाडीपर्यंत नेलं. ताई, मी ब्याऐंशी किलोचा माणूस. मला शेवटचं उचललं ते बाबांनी, आगाशीच्या जत्रेत. गाडीतच त्याने माझा बूट काढला, अंगठ्याने घोट्याभोवती चारपाच ठिकाणी दाबून पाहिलं आणि सांगितलं की हाड ठीक आहे, बाहेरच्या बाजूचं लिगामेंट गेलंय, सहा आठवडे. क्लिनिकमध्ये एक्स-रे काढून डॉक्टरांनी तेच सांगितलं, तितकेच आठवडे. तिथली फिजिओथेरपिस्ट रुकय्या, हैदराबादची, तिने त्याला विचारलं की तुला आधीच कसं कळलं. त्याने स्वतःच्या अंगावर बोट ठेवत दाखवायला सुरुवात केली. दोन्ही घोटे. उजवा गुडघा, दोनदा. खांदा. बरगड्या. डाव्या हाताची दोन बोटं. मग बोट कपाळापाशी नेलं आणि तिथे थांबला. ती लिहायची थांबली होती.

औषधांची वाट बघत आम्ही दोघं बाकावर बसलो होतो. पायाला काळा मोठा बूट चढवलेला, दुखायचं कमी झालेलं, म्हणून मी मामाला शोभेल असं काहीतरी बोलायला गेलो. विचारलं, तुझ्या आईच्या हॉलमधल्या फोटोत चेंडू डोक्यावर धरून उभा आहेस ना, त्या मॅचला कसं वाटलं रे? तो म्हणाला, मला आठवत नाही. मला वाटलं, नम्रपणे म्हणतोय. मी पुन्हा विचारलं. मग त्याने सगळं सांगितलं, अर्धं इंग्रजीत, अर्धं आपल्या घरच्या बोलीत, जी त्याला येते हे मला माहीत नव्हतं.

तिकडे टीमा आळीपाळीने नवी मुलं निवडतात; हा सातव्या, म्हणजे जवळजवळ शेवटच्या, फेरीत निवडलेला मुलगा. पहिलं वर्ष नुसता सराव; समोरच्या टीमचं सोंग घेऊन आपल्याच लोकांचा मार खायचा, म्हणजे त्यांची तयारी होते. पुढची दोन वर्षं चेंडू लांब मारला की शंभर पावलं पळत जाऊन कोणावर तरी आदळायचं, एवढंच काम. चौथ्या वर्षी कायमची जागा मिळाली. फोटो त्याच वर्षीचा. मध्यंतरानंतर डोक्याला डोकं लागलं, आणि दहा मिनिटांनी त्याने तो चेंडू हवेत पकडला. त्याला धडक आठवते आणि त्यानंतर एकदम घरी परतणारी बस आठवते. मधलं काही नाही. फोटोत हसणारा माणूस कोण, हे त्याला लोकांनी सांगितलं. डॉक्टरला का नाही सांगितलंस, मी विचारलं. म्हणाला, सातव्या फेरीतला माणूस एक दिवस बसला की त्याच्या जागी दुसरा येतो, मामा. पाचवं वर्ष गुडघ्यात गेलं. सहाव्या वर्षी अकरा मॅच खेळला. फेब्रुवारीत टीमने त्याला सोडल्याचा फोन तीन मिनिटांचा होता.

मी खोके मोजणारा माणूस. सहा वर्षं मी तुझ्या मुलाच्या मॅच मोजल्या, आडवे केलेले लोक मोजले, गोडाऊनमध्ये आकडे सांगितले. त्याला दुखतं का, हे एकदाही विचारलं नाही. त्या बाकावर मी नुसता त्या काळ्या बुटाचे पट्टे सोडत आणि लावत बसलो. त्यालाच वाटलं की माझा पाय दुखतोय, आणि त्याने जाऊन पाणी आणलं.

असो. पत्र फार लांबलं. सबिनाचे तुला गोड पापे, अ‍ॅशलेचं 'हाय'. भाऊजींना गोड कमी खायला सांग, आणि तू जिने चढू नकोस. इथून तुझी आठवण पाठवतो, तिला व्हिसा लागत नाही.

तुझा,
रॉक

ता. क. खरं लिहायचं ते राहिलंच. मे महिन्यात दुसऱ्या टीमने त्याला सरावाच्या कॅम्पला बोलावलंय आणि जायला त्याचं मन वळव असं तू मला सांगितलं होतंस. मी वळवलं नाही. तो जाणार नाही. त्याने त्यांना मंगळवारीच कळवून टाकलं. रुकय्याने त्याला दाखवलं की तिच्यासारखं शिकायला काय लागतं, आणि टोरोंटोच्या एका कॉलेजचा अर्ज त्याने माझ्या टेबलाशी बसून भरला. भाऊजींनी चर्चमध्ये सगळ्यांना कॅम्पचं सांगून ठेवलंय हे मला ठाऊक आहे (आधी सांगून टाकायच्या बाबतीत आमचं दोघांचं जमतं). कार्लला त्यांची भीती वाटते. एवढा मोठा माणूस, पण वाटते. तेव्हा तू आधी त्यांना सांग, जेवण झाल्यावर, आणि कोचला फोन करू देऊ नकोस. तो घरी आला की हॉलमध्ये त्या फोटोखाली बसवून त्याला काही विचारू नका.

ता. क. २. कार्लला मराठी वाचता येत नाही, म्हणून पाकीट बंद करण्याआधी त्याला हे वाचून दाखवलं. त्याच्या दोन दुरुस्त्या आहेत. पहिली अशी की मी पडलो तेव्हा चेंडू मैदानाच्या दुसऱ्या टोकाला होता आणि माझ्या आसपास कोणीही नव्हतं. अ‍ॅशलेकडे शूटिंग असल्यामुळे मी वाद घातला नाही. दुसरी दुरुस्ती त्याने जरा वेळाने, खिडकीतून बाहेर बघत सांगितली. म्हणाला, पप्पांची भीती वाटते असं लिहू नको, त्यांची आठवण येते असं लिही. मी आधीचं खोडत नाही. भाऊजींना दोन्ही वाचून दाखव.