एकच 'अहो'

मंगळवार, संध्याकाळ

अख्ख्या शॉर्ट फिल्ममध्ये मी त्या बाईला एकच शब्द दिला होता. नवरा जाऊन महिना झालाय, दाराची बेल वाजते, आणि ती सवयीने स्वयंपाकघरातून हाक मारते, "अहो..." आणि थांबते. बस्स. ही आपली आईच होती, बाबा गेल्यावरची. त्या एका 'अहो'साठी तीन ड्राफ्ट फाडले मी.

आज स्क्रीनिंगला बघतो तर बाई फोटोसमोर पानभर भाषण ठोकतेय! डायरेक्टरसाहेब म्हणतात, "अरे, लोकांना कळायला नको का?" मला विचारायचं तरी! आणि मी काय केलं? टाळ्या वाजवल्या. मूर्ख.

रिक्षा बुधवार पेठेत अडकली तेव्हा आई म्हणाली, "छान होती हं. कुणाची रे गोष्ट ही?"