पुरणाच्या डब्यातलं शेवटचं रीळ

मी, सुलेखा हारुओ मिझुतानी, माहेरची पाटणकर, राहणार पार्सिपनी, न्यू जर्सी, हे मृत्युपत्र कोणाच्याही दडपणाशिवाय लिहीत आहे. डोकं शाबूत आहे. हृदयाची झडप तशी नाही. ती बुधवारी बदलणार आहेत. मला भीती वाटते, हेही इथे नोंदवते.

१. घर आणि बँकेतली शिल्लक मुलगा कुश याला मिळावी.

२. माझे पती कै. हारुओ यांचे सगळे चित्रपट, हक्कांसह, कुशलाच. हारुओने आयुष्यभर रेस्टॉरंटमध्ये मासे कापले आणि रविवारी चित्रपट केले. नट म्हणजे तिथलेच स्वयंपाकी, युनिटचं जेवण म्हणजे माझी पोळी-भाजी. निर्माता त्याने कधी घेतला नाही. "पैसे देणारा शेवट बदलायला लावतो," म्हणायचा. लायब्ररीच्या हॉलमध्ये खेळ असायचा. खुर्च्या मी मांडायचे आणि बहुतेक रिकाम्याच उचलायचे. महोत्सवात बक्षीस मिळालं त्या दिवशीही तो संध्याकाळच्या पाळीला गेला. पुढे कोणी हक्क मागितले, तर शेवट कापू देऊ नये.

३. नागपूरचा भाऊ शंतनू पहिल्याच खेळाला घोरला, आणि बाहेर येऊन त्याने विचारलं, यात घडतं काय? त्याला सगळे चित्रपट पेनड्राइव्हवर द्यावेत. दुसरं काही देऊ नये.

४. गॅरेजमधला फ्रीझर कधीही बंद करू नये. त्यात 'पुरण' लिहिलेला स्टीलचा डबा आहे. आत हारुओचं शेवटचं रीळ आहे, शूट केलेलं, पण डेव्हलप न केलेलं. आजारपणात मला खोलीबाहेर काढून त्याने ते शूट केलं आणि म्हणाला, "मी गेल्यावर बघ." त्याला जाऊन चार वर्षं झाली. ते बघितलं की त्याच्याकडून नवीन काही यायचं उरणार नाही, या भीतीने मी ते लॅबला दिलं नाही. असं रीळ थंडीतही हळूहळू पुसट होतं, ही दुसरी भीती. वादळात वीज गेली की मी फ्रीझरला पाठ टेकून उभी राहते. कोणी उघडू नये म्हणून वर पुरण लिहिलं, तर गणपतीत शेजारच्या चारुताने मदत म्हणून नेमका तोच डबा ओट्यावर काढला. आतल्या काळ्या पिशवीला तिचा हात लागला होता. उजेड शिरला असता तर सगळं संपलं असतं. मी अशी ओरडले की आरतीची माणसं गप्प झाली. हा डबा न उघडता माझ्याबरोबर दहनाला द्यावा.

५. दुरुस्ती. कुशला मराठी वाचता येत नाही, म्हणून वरचं कलम मी त्याला वाचून दाखवलं.  तो म्हणाला, "आई, यू आर स्केअर्ड, आय नो. पण मला बाबा आता फक्त फोटोतले आठवतात. हलणारे नाही."

चार वर्षांत मला हे सुचलं नव्हतं. सबब, दहनाचं वाक्य रद्द. डबा उद्या लॅबला जाईल. कुश ड्राइव्ह करेल, मी डबा मांडीवर घेऊन बसेन. रीळ बुधवारच्या आत परत येणार नाही. मी घरी आले, तर दोन खुर्च्या मांडाव्यात. नाही आले, तरी दोनच मांडाव्यात. आणि रीळ कोरं निघालं, तरी कुशने शेवटपर्यंत बसावं.

पार्सिपनी, १७ ऑक्टोबर २०२५

साक्षीदार: सौमित्र धारप, चारुता नाईकनवरे

सही: सुलेखा हारुओ मिझुतानी
(अक्षर वाकडं आलं आहे. सही माझीच.)