खाली टाकलेली टोकं

३ एप्रिल १८९३
चार वर्षांनी गावात परतले. खाणीचे मॅनेजर कप्तान ट्रेम्बाथ निवडणुकीला उभे आहेत. त्यांच्या घरी स्वयंपाक करायचा आणि भाषणं लिहून घ्यायची, हे माझं काम. माझी पेटी त्यांनी स्वतः उतरवली. चार वर्षांपूर्वी खाणीचा उत्तरेचा खड्डा ढासळून माझा नवरा डिगरी आणि आणखी आठजण गेले, तेव्हाही पहिली शाल त्यांनीच माझ्या खांद्यावर टाकली होती. स्वयंपाकघर उजेडाचं आहे. आज मांसाच्या करंज्या केल्या.

६ एप्रिल
त्यांचं खाणं बघवत नाही. चरबी हनुवटीवरून ओघळते आणि ती ते माझ्या ॲप्रनला पुसतात. करंजीचं टोकही खातात. आमच्यात प्रत्येकाच्या करंजीच्या टोकावर त्याच्या नावाची अक्षरं कोरतात, आणि ते टोक खाणीत ठोके देणाऱ्या बुटक्या भुतांना सोडतात. मी तसं म्हटलं, तर हसून मला नावानं हाक मारत म्हणाले, "अगं लव्हडे, वर बसणाऱ्यानं टोक कशाला सोडायचं?"

९ एप्रिल
भाषण सांगता सांगता दातातलं मांस कोरत म्हणाले, खंबीर मन कसं असतं ते लोकांना कळायला हवं. उत्तरेचा खड्डा ढासळल्यावर आत अडकलेल्या माणसांचे ठोके नऊ दिवस येत होते. पंप तिकडे वळवून उपसायला घेतलं असतं तर दक्षिणेच्या खड्ड्यातलं तांबं पाण्यात बुडालं असतं. मग नखाकडे बघत म्हणाले, "हे मात्र लिहू नकोस हं."

ते ठोके मीही ऐकले होते. आम्ही सगळ्याजणींनी. बुटके भुकेले आहेत, असं तेव्हा कप्तानांनीच सांगितलं होतं. आम्ही खड्ड्याच्या हवेच्या भोकावरच्या जाळीतून टोकं टाकली, भजनं म्हटली, आणि घरी गेलो. दहाव्या दिवशी त्यांनी जाळीवर फळ्या ठोकल्या.

माझा डिगरी नऊ दिवस जिवंत होता. मी वरून भजन म्हणत होते.

१२ एप्रिल
सकाळी परातीत एक टोक. ओलं, तांब्याच्या पाण्यानं हिरवं पडलेलं, वर केस चिकटलेला. डि. पा. — माझ्याच हातची अक्षरं. चावल्याच्या खुणेत मधे फट. डिगरीचा पुढचा दात तुटका होता.

मोरीत ओकले. दिवसभर तोंडाला तांब्याची चव.

१३ एप्रिल
आज नऊ टोकं, त्या नऊजणांच्या अक्षरांची. फेकण्याआधी त्यांवर टाकायला राख आणायला गेले, तेवढ्यात कप्तान येऊन बसले होते. सगळी खाल्ली. ओठ हिरवे. केस जिभेवरून ओढून काढला, बोटं चाटली. म्हणाले, आज मीठ बरोबर पडलंय.

१५ एप्रिल
निवडून आले. लोकांनी खांद्यावर घेतलं. त्यांचं पोट तट्ट फुगलंय. श्वासाला बंद खड्ड्याचा वास.

१६ एप्रिल
ठोके. भिंतीत नाहीत, जमिनीत नाहीत —

दुपार
त्यांच्या पोटातून. कातडी आतून उचलते. नऊ जागी. मला कान लावायला सांगितलं. लावला. तीन, मग एक. घरी आल्यावर डिगरी दार असंच —

ते घामेजून हसतायत. म्हणतात, "बुटके असतील, लव्हडे. एखादं टोक आण."

ओट्यावर सुरी आहे. थांब, डिगरी. या वेळी मी फळ्या फोडून तुला बाहेर —