एका दिवसाची दोन वर्षं

सस्काटून,
९ नोव्हेंबर २०२५

चि. शैलेंद्र,

अनेक आशीर्वाद. मोठ्या बहिणीने लिहायचे असतात म्हणून लिहिले. मी बरी आहे. गुडघे आहेत तसेच आहेत, पहिला बर्फ पडून गेला, ड्राइव्हवे अजून मीच शोव्हल करते. तुझी खुशाली विचारत नाही, कारण ती न विचारता कळते. टोरोंटोला लेकाच्या, ओजसच्या जवळ कॉन्डो घेतलास, बाल्कनीतून तलाव दिसतो, शुगर ताब्यात आहे. छान.

आता कामाचं. येत्या गुढीपाडव्याला आपल्या मंडळाला पन्नास वर्षं होतात. स्मरणिकेचा संपादक तू, मंडळाचा इतिहास लिहिणारा तू, आणि प्रस्तावना म्हणे मी लिहायची. ते विचारायला तुला फोन उचलवला नाही. सेक्रेटरी म्हणून स्वानंदला माझ्या दारात उभं केलंस. तो बिचारा बूटही न काढता म्हणाला, "मावशी, तुम्ही हिस्ट्रीच्या प्रोफेसर, तुमच्याशिवाय कोण लिहिणार? जस्ट दोन पानं." मी हो म्हटलं, पण आधी मुद्रितं मागितली. त्याला वाटलं मी शुद्धलेखन तपासणार.

तुझा इतिहास वाचला. प्रत्येक वर्षाच्या वर अध्यक्षाचं नाव, खाली त्या वर्षी काय झालं. १९९७, अध्यक्ष श्री. शैलेंद्र: "संक्रांतीचा कार्यक्रम भर हिमवादळातही रंगला." १९९८, अध्यक्ष सौ. आनंदी: "या वर्षी ३१ जानेवारीस मंडळाचे सभासद श्री. नंदन आठल्ये हे स्वतःहून रेजिनास निघाले असता वादळात अपघाती निधन पावले. मंडळावर शोककळा पसरली."

संक्रांतीचा कार्यक्रम कुठल्या तारखेला होता, शैलेंद्र? तुला आठवत नसेल तर मी सांगते. ३१ जानेवारी. एकाच दिवसाचे तू दोन तुकडे केलेस. रंगलेली संध्याकाळ स्वतःच्या वर्षात ठेवलीस आणि माझा नवरा आनंदीच्या वर्षात ढकललास.

तू माझ्या विषयाला 'मेलेल्या इंग्रजांची म्युनिसिपालिटी' म्हणायचास. आईसमोर, जेवताना, दर वेळी, आणि स्वतःच हसायचास. आज तो विषय तुझ्या कामी आला असता. पंधराव्या शतकात लंडनचे व्यापारी, कापडवाले वगैरे, आपल्या शहराच्या बखरी लिहायचे. पंडितांच्या लॅटिनमध्ये नाही, घरच्या इंग्रजीत. वर्षाच्या माथ्यावर मेयरचं आणि दोन शेरीफांचं नाव. खाली गहू किती महागला, कुणाचं डोकं उडवलं, नवा राजा शहरात आला तेव्हा पाण्याच्या नळांतून वाइन कशी वाहिली. एकमेकांच्या वह्यांतून बेधडक उतरवून घ्यायचे. राजा बदलला की कालचे सरदार आज गद्दार. आणि त्यांचा मेयर जानेवारीत बदलत नसे, ऑक्टोबरच्या शेवटी बदलत असे. म्हणून जानेवारीत घडलेली गोष्ट आधीच्या ऑक्टोबरात बसलेल्या मेयरच्या नावाखाली येते. नवखे संशोधक इथेच आपटतात.

आपला अध्यक्ष पाडव्याला बदलतो. ९८ च्या जानेवारीत अध्यक्ष तू होतास. आनंदी तुझ्या हाताखाली उपाध्यक्ष होती. त्या दिवशी सकाळी तिने घरोघर फोन केले की बाहेर पडू नका, कार्यक्रम रद्द करू. तो रद्द होऊ दिला नाहीस तू. टोरोंटोहून पहिल्यांदाच गायिका येत होती. तिचं विमान सस्काटूनला न उतरता रेजिनाला उतरलं, आणि तिला कुणीतरी गाडीने आणायला हवं होतं. रेडिओ सकाळपासून सांगत होता, हायवेवर जाऊ नका.

आनंदीला जाऊन दोन हिवाळे झाले. ती आता उठून बोलणार नाही, हे तुला ठाऊक आहे. पण तिची कस्तुरी आहे. मुद्रितं तिच्याकडेही गेली. रेजिनाहून ऑफिसच्या मधल्या सुट्टीत तिचा फोन आला. "नीरजामावशी, आईच्या नावाखाली हे का आहे? शी वॉज द वन हू सेड नो. ती शेवटपर्यंत म्हणायची, मी आणखी भांडायला हवं होतं."  

ईशिता म्हणते, "आई, इट्स अ सुव्हेनिअर. नोबडी रीड्स दोज." वडील गेले तेव्हा ती नऊ वर्षांची होती. तिच्या पोरांना उद्या कुणी विचारलं की आजोबा कसे गेले, तर त्यांच्या हातात हेच सुव्हेनिअर असणार आहे. लंडनच्या त्या कापडवाल्यांनाही कुठे वाटलं होतं की पाचशे वर्षांनी कुणी वाचेल.

विद्यार्थ्यांना मी पहिल्याच तासाला सांगत असे, लिहिणारा सगळं तपशिलाने सांगता सांगता एका जागी एकदम मोघम झाला, की तिथे थांबा. त्याला तिथे कुणाची तरी भीती वाटली आहे. तुझ्या सगळ्या इतिहासात मोघम वाक्य एकच आहे. इडल्या किती लागल्या ते तू लिहिलंस, हॉलचे पडदे कुठल्या रंगाचे होते ते लिहिलंस. नंदन 'निघाले'. का निघाले, कुणाच्या सांगण्यावरून निघाले, याचा पत्ता नाही. त्यात पुन्हा तो 'स्वतःहून'. तो शब्द कुठून आला या खोलात मी आत्ता जात नाही.

माझं म्हणणं सोपं आहे. तो मजकूर तुझ्या वर्षात घे. 'स्वतःहून' काढ आणि तिथे 'अध्यक्षांच्या फोनवरून' असं घाल. तेवढं केलंस तर प्रस्तावना मिळेल. नाही केलंस तर स्मरणिकेत माझं नाव कुठेही दिसता कामा नये, आभारांतसुद्धा नाही.

वहिनीला नमस्कार सांगू नकोस, ती विचारेल पत्र कशाचं.

नीरजाताई

*

टोरोंटो,
१९ नोव्हेंबर

ती. ताईस,

सा. न. वि. वि.

तुझं पत्र मिळालं. घरात कुणाला दाखवलं नाही. एकोणसत्तराव्या वर्षी सख्ख्या बहिणीकडून असं पत्र यावं, हे माझं नशीब.

सगळी माहिती मी एक्सेलमध्ये भरून तारखेप्रमाणे सॉर्ट केली. अपघातापुढे १९९८ होतं, म्हणून तो अठ्ठ्याण्णवात गेला. संक्रांतीच्या कार्यक्रमाला तारीखच नव्हती, माझ्या वर्षाच्या जुन्या वार्तापत्रातून ते वाक्य जसंच्या तसं उचललं होतं. क्लेरिकल एरर, बस. तू लगेच मला तुझ्या लबाड कापडवाल्यांच्या रांगेत नेऊन बसवलंस. आनंदीबाईंच्या वर्षातून मजकूर काढतो आणि माझ्या वर्षात घालतो. कस्तुरीला मी स्वतः फोन करून सॉरी म्हणेन.

'स्वतःहून' मात्र काढणार नाही. तो शब्द माझा नाही, ताई, तुझा आहे. आमच्या किचनमध्ये आईने विचारलं, "कुणी पाठवलं गं त्यांना?" आणि तू म्हणालीस, "कुणी नाही, आई. ते स्वतःहून गेले." मी तिथेच उभा होतो. मग पोलिसांना तेच, मंडळाला तेच, भेटायला आलेल्या प्रत्येकाला तेच. इतकी वर्षं तू हेच सांगत आलीस आणि आज मी ते छापलं तर मी खोटारडा? तू इतिहासकार ना? मग मी माझा सोर्स दिला. आय विटनेस तूच आहेस.

एक विचारू? त्या दिवशी मला काही कमी भोगावं लागलं असं तुला वाटतं का? नंदनराव मला सख्ख्या भावासारखे होते. ते गेले आणि बहीणही गेली. समोरासमोर बसून तू एकदाही बोलली नाहीस. आता पत्राने वार करतेस.

प्रस्तावना द्यायची तर दे. नसेल द्यायची तर आरव नावाचा एक मुलगा आहे, इथे युनिव्हर्सिटीत शिकतो, तो लिहील.

शैलेंद्र

*

सस्काटून,
३० नोव्हेंबर

चि. शैलेंद्र,

आशीर्वाद या वेळी राहू देत.

तुझा सोर्स बरोबर आहे. ते वाक्य माझंच आहे. आता ते कुठल्या परिस्थितीत बोललं गेलं ते ऐक, कारण तेवढं सोडून तू सगळं उतरवून घेतलंस.

आई तुमच्या किचनमध्ये टेबलाशी बसली होती. समोर तिळगुळाचा डबा तसाच उघडा होता. "कुणी पाठवलं?" हे तिने माझ्याकडे बघून विचारलं नव्हतं, तुझ्याकडे बघून विचारलं होतं. तू फ्रिजला टेकून उभा होतास आणि तुझा चेहरा पांढराफटक पडला होता. तू तोंड उघडलं नाहीस. आई तेव्हा अठ्ठ्याहत्तर वर्षांची होती, तुझ्याच घरात राहत होती, तुझ्याच हातचा चहा घेत होती. जावई गेला होता. खरं कळलं असतं तर मुलगाही तिच्या मनातून गेला असता. म्हणून उत्तर मी दिलं. तू माझ्याकडे पाहिलंस आणि मान खाली घातलीस. मी तुला काय देते आहे ते तुला त्या क्षणी समजलं होतं. नाही समजलं असं आता म्हणू नकोस.

लिहिणाऱ्याला कुणाची भीती वाटत होती ते शोधा, असं मी जन्मभर शिकवलं. मला आईची भीती वाटत होती. ती मोडून पडेल याची.

मग मी तुझी वाट पाहिली. लोकांसमोर नाही, निदान माझ्या घरी येऊन, बेसमेंटमध्ये दार लावून एकदा म्हणशील, ताई, फोन मी केला होता. महिनाभर वाट पाहिली, वर्षभर पाहिली. आईचं तेरावं झालं तेव्हा वाटलं, आता अडचण उरली नाही, आता बोलेल. तू भांडी विसळायला मदत केलीस, माझ्याशी हवापाण्याच्या गप्पा मारल्यास, आणि दोन वर्षांत टोरोंटोला निघून गेलास. तेव्हापासून दर भाऊबीजेला ओजसकडून फोन करवतोस. "आत्या, हॅपी भाऊबीज! बाबा इज राइट हिअर." तू तिथे असतोस, पण फोनवर येत नाहीस. आणि म्हणे मी समोरासमोर बोलले नाही!

एक्सेलवर मी विश्वास ठेवते. अपघात चुकून आनंदीच्या वर्षात गेला असेल. पण माझं वाक्य चुकून नाही छापलंस. आईला जगवायला मी जे खोटं बोलले, ते आई गेल्यावर चौदा वर्षांनी तू स्वतःची सोय म्हणून बाहेर काढलंस. याचा राग कसा लिहायचा ते मला कळत नाही, आणि आयुष्यभर मी लिहिण्याशिवाय दुसरं काही केलेलं नाही.

आणखी एक गोष्ट आहे. ती मी कुणालाच सांगितलेली नाही, ईशितालाही नाही.

तुझा फोन नंदननी घेतला तेव्हा मी पोळ्या लाटत होते. मला एकाच बाजूचं बोलणं ऐकू येत होतं. "हो, विंटर टायर्स आहेत... हो, कळतंय... बघतो." फोन ठेवून ते बूट चढवायला बसले. मी म्हटलं, "नाही म्हणा. रेडिओवर काय सांगतायत ते ऐकलंत ना?" ते लेस बांधत म्हणाले, "तुझा भाऊ आहे, नीरजा. परका असता तर नाही म्हटलं असतं."

एवढंच. मग ते गेले. वाटेतल्या डेव्हिडसन गावाच्या अलीकडे दुसऱ्या दिवशी सकाळी बर्फ काढणाऱ्या स्नोप्लाऊवाल्याला गाडी दिसली. गायिका रेजिनाच्या मोटेलमध्ये सुखरूप होती, आपल्याला आणायला कुणी निघालं होतं हेही तिला कळलं नाही.

आता तुला समजेल, 'स्वतःहून' म्हणणं मला इतकं सोपं का गेलं. ते मंडळासाठी गेले नव्हते, गाण्यासाठी गेले नव्हते, खरं तर तुझ्यासाठीही नव्हते. माझ्या माहेरच्या माणसाला त्यांना नाही म्हणवेना. तुझं नाव घेतलं की त्याला लागून माझं येत होतं. म्हणून मी दोन्ही नावं गिळली. आता माझं सांगून टाकलं आहे, त्यामुळे तुझं गिळण्याचं कारण उरलं नाही.

प्रस्तावना सोबत आहे. दोन पानं हवी होती, एकच झालं. आनंदीने त्या सकाळी काय केलं ते त्यात आहे. नंदन कुणाच्या फोनवरून निघाले ते नावासकट आहे. 'ते स्वतःहून गेले' हे विधान माझं होतं, खोटं होतं आणि कशासाठी होतं, हेही आहे. एक प्रत स्वानंदकडे दिली आहे, एक कस्तुरीला आणि एक ईशिताला. ईशिता कालपासून माझ्याशी बोललेली नाही, ते मी सोसेन. छापायचं की आरव नावाच्या मुलाकडून नवं लिहून घ्यायचं, हे संपादकाने ठरवावं.

तू लिहिलंस, बहीणही गेली. ती गेली नव्हती, शैलेंद्र. सत्तावीस वर्षं दारात उभी होती. आज जाते आहे. तू परका असतास तर ते वाचले असते, तेव्हा आता तरी परका हो. ओजसला म्हणावं, पुढच्या भाऊबीजेला फोन नको.

श्री. शैलेंद्र यांस,
आपल्या स्मरणिकेस शुभेच्छा. प्रस्तावनेची मुद्रितं पाठवल्यास तपासून वेळेत परत करीन.

आपली,
नीरजा नंदन आठल्ये