विशेष काही नाही

१९ फेब्रुवारी

प्रिय एरचिम,

तू बरा असशील. आम्ही बऱ्या आहोत. विशेष काही नाही, तू सांग.

थंडी नेहमीचीच. बर्फगाडी सुरू होईना. तिच्याखाली शेकोटी पेटवली, तिला शिव्या दिल्या. सीट तेवढी जळाली. शेवटी तुझी म्हातारी घोडी स्लेजला जुंपली आणि गोठलेल्या नदीवरून कंपाउंडर प्रोकोपीकाकांकडे निघाले. आईला जरा खोकला होता.

धुक्यात घोडीचे कानही दिसत नव्हते. तू चोरून सिगारेट ओढायला जिथे जिथे थांबायचास, तिथे तिथे ती अजून थांबते. बर्फात लांडग्यांचे माग ताजे होते. ती तुझी वाट पाहत उभी राही, मी लांडग्यांची.

दार उघडून काका म्हणाले, "सांग!"

"विशेष काही नाही. तुम्ही सांगा."

तोंडातून निघून गेलं रे. आई मला ओळखेनाशी झाली म्हणून मी तिथवर गेले होते, आणि कोणी 'सांग' म्हटलं की आधी असंच म्हणायचं हे वळण आईनेच लावलेलं.

मग काकांनी सांगितलं. गाय व्याली. वासराचे कान गोठले, ते सुनेने टोपी घालून वाचवले. टोपी काकांची होती. चहा झाला, पुन्हा झाला. माझ्या पापण्यांवरचा बर्फ वितळून गालांवर आला.

"रडतेस काय? वासरू वाचलं म्हणतोय ना!"

"काका, आई वाचत नाही."

"गाढवे! आणि हे विशेष नाही?" ते एका पायात बूट घालून बाहेर धावले, दुसऱ्यासाठी परत आले.

औषध गोठू नये म्हणून इंजेक्शनं बनियनमध्ये घालून ते अंड्यांवर बसलेल्या कोंबडीसारखे स्लेजवर बसले. घोडी थांबली की ओरडत, "तुझ्या भावाला म्हणावं, सिगारेट सोड!"

घरी आई तापाने भाजत होती. काका वाकले. "वहिनी, सांगा!"

तिने डोळे उघडले. "विशेष काही नाही. तुम्ही सांगा."

सुई टोचता टोचता काकांनी वासराची गोष्ट पहिल्यापासून सांगितली. या वेळी मला ती आवडली.

ताप उतरला आहे. पण काका म्हणतात, फुप्फुसं शहरातल्या इस्पितळात दाखवा, उशीर नको. आई म्हणते, मला काय धाड भरली आहे? तुझ्या शहरात पाऊल ठेवणार नाही, असं ती तुझ्याशी झालेल्या त्या भांडणात बोलून बसली. आता ते गिळायचं कसं?

काल मात्र तिने पेटीतली कोल्ह्याच्या कातड्याची टोपी काढून झटकली. कोणी काही विचारलं नव्हतं. "कोणी न्यायला आलंच, तर उघड्या डोक्याने जाऊ का?" म्हणाली.

आत्ता विचारलं, एरचिमला काय लिहू?

"लिही, विशेष काही नाही."

तिने लावलेलं वळण आज मोडते. विशेष आहे, एरचिम. ये.

वाट पाहणाऱ्या तिघींपैकी लिहिता येणारी एक,
तुयाराताई

(तिसरी घोडी.)