गोदाची सही

मंगळवार, उस्मानपुरा

सुधाकर पणजीचं चित्र पणजोबांच्या नावाने प्रदर्शनात लावणार आहे, म्हणून लिहायला बसले. डोकं नुसतं तापलंय.

उद्या औरंगपुऱ्यात जुन्या घराण्यांतल्या चित्रांचं प्रदर्शन आहे. माझा हा धाकटा भाऊ चित्र न्यायला आला, सोबत त्याची बायको सुनंदा. चित्राच्या कोपऱ्यात ठळक सही आहे: गोदा.

"ताई, गोदा कोण? पणजीचं नाव लक्ष्मी."

"सासरचं लक्ष्मी. माहेरची ती गोदाच."

"पुरावा काय? लोक हसतील. पणजोबांचं नाव लई मोठं आहे."

त्या काळात, याच घरात राहून तिने माहेरचं नाव चित्रावर घातलं. धाडस की हट्ट? सही मी पुन्हा पाहिली. एकही अक्षर डगमगलेलं नाही.

मी ओरडणार, तेवढ्यात सुनंदाच बोलली, "अहो, लग्नात ताटातल्या तांदळावर अंगठीने सुनंदा तुम्हीच लिहिलंत ना? त्याआधी मी मंदा होते. तिचा पुरावा मागाल उद्या!"

सुधाकर चित्र गुंडाळायला कापड शोधू लागला.

नावाची पट्टी मी लिहिली: चित्रकार गोदा.

चित्र सुधाकरच्या हाती दिलं. पट्टी मंदाच्या.